लाजेखातर पुसलेल्या फिती

आमच्या पिंपळीच्या पट्ट्यात, म्हणजे बारामती आणि इंदापूरच्या उसाच्या गावांत, व्हिडिओ आला तो १९८२ नंतरच्या काही वर्षांत. दिल्लीत आशियाई खेळ झाले, रंगीत टीव्ही आला आणि त्याच्या मागोमाग व्हीसीआर. विकत घेणं फार थोड्यांना परवडायचं, म्हणून तो भाड्याने यायचा. गणपतीत, लग्नाच्या मांडवात, बारशाच्या रात्री तालुक्याच्या व्हिडिओ सेंटरमधून टीव्ही, व्हीसीआर आणि तीन-चार कॅसेटी आणायच्या, वर्गणी काढायची आणि रात्रभर बघायचं. पहिली कॅसेट देवाधर्माची, दुसरी मारामारीची, तिसरी दादा कोंडक्यांची. बायका-पोरं उठून घरी गेली, म्हातारी माणसं पेंगली, की मग चौथी निघायची. तिच्यावर नाव नसायचं. ती काउंटरखालून मिळायची आणि सकाळी सगळ्यांत आधी परत जायची.

त्या चौथ्या कॅसेटीबद्दल मला लिहायचं आहे. ती जपावी का, आणि पुन्हा लोकांसमोर आणावी का, हा प्रश्न आपल्याकडे कुणी उघडपणे विचारत नाही. माझं म्हणणं असं की जपावी. तिच्यात जे चित्रपट म्हणून, पगार देऊन-घेऊन, कॅमेऱ्यासमोर उभं राहून बनवलं गेलं, ते सगळं चांगलं-वाईट न निवडता जपावं. पण ती पुन्हा विकायला किंवा दाखवायला काढायची असेल, तर आधी पडद्यावरच्या माणसाला विचारावं. जपणं आणि दाखवणं ही दोन कामं आहेत. आपण ती एकच समजतो आणि त्यामुळे दोन्हीकडे वाईट घडतं. संग्रहालयं लाजेपोटी हात लावत नाहीत, आणि इंटरनेटवर कुणीही, कुणाचीही जुनी फीत, कुणालाही न विचारता टाकतो.

त्या कॅसेटीत काय असायचं ते आधी नीट सांगायला हवं, कारण ‘ब्ल्यू फिल्म’ या एका नावाखाली फार वेगवेगळ्या गोष्टी खपत. एक असायची परदेशी, प्रतीची प्रत आणि तिची पुन्हा प्रत काढलेली, रंग उडालेली, माणसांचे चेहरे ओळखू न येणारी. ती आपल्या कायद्याने तेव्हाही गुन्हा होती. दुसरी मल्याळममधून डब केलेली. आणि तिसरी मुंबईची: सेन्सॉरने ‘ए’ प्रमाणपत्र देऊन पास केलेला, थोड्या पैशांत आणि मोजक्या दिवसांत उरकलेला चित्रपट. भूत, डाकू, सूड, पावसातलं गाणं, आंघोळ, मढ बेटावरचा बंगला, आरे कॉलनीतली झाडी. थिएटरात हा लागला की मधेच सेन्सॉरने कधी न पाहिलेला तुकडा जोडला जायचा. त्याला ‘बिट’ म्हणत. बिट कधी त्याच चित्रपटाचा असायचा, कधी भलत्याचाच. पोस्टरवर जिचं नाव, तिचा त्या तुकड्याशी काही संबंध असेलच असं नाही.

या मुंबईच्या चित्रपटांची आठवण अलीकडे दोनदा निघाली. अशीम अहलुवालियांनी २०१२ मध्ये ‘मिस लव्हली’ हा चित्रपट केला. ऐंशीच्या दशकातल्या याच धंद्यातल्या दोन भावांची ती गोष्ट. त्यांना मुळात माहितीपट करायचा होता, पण कॅमेऱ्यासमोर बोलायला माणसं तयार होईनात, म्हणून कथापट झाला. २०२३ मध्ये ‘सिनेमा मरते दम तक’ ही मालिका आली. त्यात जे. नीलम, विनोद तलवार, दिलीप गुलाटी आणि किशन शाह या चार दिग्दर्शकांना पुन्हा एकेक लघुपट करायला दिला. ती बघताना मला सगळ्यांत जास्त जाणवली ती त्या माणसांची कामावरची माया. रात्रीतून सेट उभा करायचा, शिल्लक फिल्मच्या तुकड्यांवर शूटिंग करायचं, एकाच बंगल्यात तीन चित्रपट उरकायचे. हिंदी चित्रपटाच्या जाडजूड इतिहासांत या कौशल्याला अर्धं पानसुद्धा मिळत नाही. बारामतीच्या, टेंभुर्णीच्या, अकलूजच्या प्रेक्षकाने मात्र त्याला तिकिटाचे पैसे दिले होते.

परदेशात या कामाची एक शिस्त तयार झाली आहे. अमेरिकेत १९४७ मध्ये आल्फ्रेड किन्सी यांनी इंडियाना विद्यापीठात जी संस्था काढली, तिने चोरून बनलेल्या जुन्या कामुक मूकपटांचाही संग्रह केला, अभ्यासाची सामग्री म्हणून. कनेक्टिकटमधली ‘व्हिनेगर सिंड्रोम’ ही कंपनी २०१२ पासून सत्तर-ऐंशीच्या दशकांतल्या प्रौढांच्या चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह शोधते, धुते, स्कॅन करते आणि डिस्कवर काढते. तिचं नाव एका रोगावरून आलं आहे. ॲसिटेटची फिल्म सडायला लागली की तिच्यातून ॲसेटिक आम्ल सुटतं आणि डबा उघडताच शिरक्याचा वास येतो. आपले रामसे बंधूंचे ‘पुराना मंदिर’सारखे भयपटही नीट डिस्कवर काढले ते ‘मॉण्डो मकाब्रो’ नावाच्या परदेशी कंपनीने. आपण ज्यांना चित्रपट म्हणायलाही तयार नव्हतो, त्यांची स्वच्छ प्रत मिळवायला परदेशी माणूस धडपडला, ही गोष्ट मला लागते.

चुंबकीय फितीची अवस्था फिल्मपेक्षा वाईट आहे. व्हीएचएसची फीत अर्धा इंच रुंद. पॉलिएस्टरच्या पट्टीवर लोहाच्या ऑक्साइडचे कण एका चिकट थराने बसवलेले असतात. हवेतलं पाणी त्या थरात शिरतं, थर चिकट होतो, आणि फीत मशीनमध्ये घातली की कण खरवडून निघतात. आपल्या पावसाळ्यात वर बुरशीही चढते. फीत उन्हा-पावसात, पत्र्याच्या खोलीत, धान्याच्या पोत्यांशेजारी पडली असेल तर ती वाचलीच हे नशीब. वाचलेली फीत मंद उष्णतेत सुकवून, हाताने साफ करून, एकदाच चालवायची असते, आणि त्या एका फेरीत चित्र उतरवून घ्यायचं असतं. चालवायला यंत्रही हवं. व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या मोठ्या कंपनीने, जपानच्या फुनाईने, २०१६ च्या जुलैमध्ये उत्पादन थांबवलं. युनेस्को आणि ध्वनिसंग्रहांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०१९ मध्ये जगभर इशारा दिला होता की २०२५ च्या आसपास फिती वाचायची साधनंच मिळेनाशी होतील. ते वर्ष उलटून गेलं आहे.

शिवाय आपल्याकडे फीत पुन्हा वापरायची रीत होती. कोरी कॅसेट महाग, म्हणून नाव नसलेल्या कॅसेटीवर कुणाच्या तरी लग्नाचं शूटिंग चढायचं. पोलिसांची धाड पडणार अशी कुणकुण लागली की सेंटरवाला रातोरात कॅसेटी पुसायचा. जे वाचलं ते विसरण्यातून वाचलं, कुणी जपलं म्हणून नव्हे.

यावर पहिला आक्षेप असा येतो की वाचलं नाही तर बिघडलं काय? असलं घाणेरडं जपून मराठी माणसाला काय मिळणार?

हा आक्षेप याच तालुक्यात उभं राहून तपासावा असं मला वाटतं. बारामती ही मोरोपंतांची. ते १७९४ मध्ये गेले तोवर त्यांनी आर्या, रामायणं, केकावली असं सोवळं, पंडिती काव्य इथे लिहिलं. त्यांच्याच काळात सोलापूरचा रामजोशी फडावर लावण्या म्हणत होता. घरच्यांनी त्याला तमाशाच्या नादापायी बाहेर काढलं, अशी कथा आहे. पुढे तोच रामजोशी मोरोपंतांच्या आर्या कीर्तनात गाऊ लागला आणि पंतांचं काव्य गावोगाव पोचलं ते बरंचसं त्याच्या तोंडून, असं परंपरा सांगते. सोवळं आणि ओवळं आपल्याकडे इतकं जवळ नांदलं आहे. त्याहून मागे गेलं तर महाराष्ट्री प्राकृतातला आपला सगळ्यांत जुना काव्यसंग्रह, हाल सातवाहनाची गाथासप्तशती, शेता-बांधावरच्या शृंगाराने भरलेला आहे. कुणी तरी ती हस्तलिखितं उतरवत राहिलं, म्हणून स. आ. जोगळेकरांना १९५६ मध्ये तिची मराठी आवृत्ती काढता आली. उतरवणाऱ्या प्रत्येकाला त्यातली प्रत्येक गाथा सभ्य वाटली असेल असं मला वाटत नाही. तरी त्याने उतरवली.

लावणीचं मात्र आपण नीट केलं नाही. स्वातंत्र्यानंतर मुंबई राज्यात बाळासाहेब खेरांच्या सरकारने तमाशावर बंदी आणली. ती उठली तेव्हा सुधारणेच्या अटी घेऊन उठली. तमाशाचं लोकनाट्य झालं, लावणी सरकारी महोत्सवात गेली, शाहिरांच्या रचना अभ्यासक्रमात आल्या. आपण शब्द जपले, चाली जपल्या, त्यासुद्धा धुऊन-पुसून. पण ज्या कोल्हाटी, डोंबारी, महार, मांग बायकांनी त्या लावण्या अंगावर पेलल्या, त्यांची नावं मोजकीच उरली. विठाबाई नारायणगावकर, यमुनाबाई वाईकर अशी काही. बाकीच्या हजारोंचा ना आवाज उरला, ना फोटो. शैलजा पाईक यांनी २०२२ मध्ये आलेल्या ‘द व्हल्गॅरिटी ऑफ कास्ट’ या इंग्रजी ग्रंथात तमाशातल्या दलित स्त्रियांचा इतिहास मांडला आहे. अश्लील ठरवण्याचा हक्क कुणाकडे होता आणि तो शिक्का कुणाच्या अंगावर बसला, हे त्यातून स्वच्छ दिसतं. पुणे-सोलापूर रस्त्यावर चौफुल्याला आजही कलाकेंद्रं आहेत. तिथल्या बाईच्या पणजीबद्दल लिहायला बसलं तर अभ्यासकाच्या हाताला लागतात ते पोलिसांचे कागद आणि बंदीचे हुकूम.

व्हिडिओच्या काळातल्या नट्यांचं हेच होऊ घातलं आहे. फरक एवढाच की यांच्या बाबतीत चित्र आहे, आवाज आहे, आणि त्यातल्या पुष्कळ जणी अजून हयात आहेत.

अश्लीलतेच्या खटल्यांकडे बघितलं तरी नष्ट करण्याची घाई किती अविचारी असते ते कळतं. र. धों. कर्व्यांनी १९२७ पासून १९५३ मध्ये मरण येईपर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ चालवलं. मुखपृष्ठावर नग्न चित्र, आत संततिनियमन आणि लैंगिक प्रश्नांची उत्तरं. १९३४ च्या खटल्यात त्यांची बाजू डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मांडली. कर्वे हरले, दंड झाला. आज तेच अंक मराठी समाजाचा अभिमानाचा ठेवा म्हणून दाखवले जातात, त्यांच्यावर नाटक येतं, चित्रपट येतो. १९६२ च्या दिवाळीत पुण्याच्या ‘रंभा’ मासिकात चंद्रकांत काकोडकरांची ‘शामा’ ही कथा आली. उच्च न्यायालयाने ती अश्लील ठरवली आणि आरोपींच्या ताब्यातले अंक नष्ट करण्याचा हुकूम दिला. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने काकोडकरांना निर्दोष सोडलं आणि समाजाची मापं झपाट्याने बदलत असल्याचं नोंदवलं. माफी माणसाला मिळते. जळालेल्या अंकाला ती देता येत नाही. मुंबईच्या पुस्तकविक्रेत्याला १९६४ मध्ये ज्या इंग्रजी कादंबरीसाठी सर्वोच्च न्यायालयाने दोषी ठरवलं, ती ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ आज कुठल्याही रेल्वे स्टेशनवर मिळते.

मी काकोडकरांची कथा आणि बिट जोडलेला भयपट एका तोलाचे मानत नाही. बहुतेक चौथ्या कॅसेटी कला म्हणून टाकाऊ होत्या, हे मी पाहून सांगतो आहे. पण संग्रहाचं काम गुण देण्याचं नसतं. मूकपटाच्या काळात आपण निवडत बसलो आणि आज शेकडो मूकपटांपैकी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच पूर्ण उरले आहेत. चांदी काढायला फिल्म वितळवली गेली. पहिला बोलपट ‘आलम आरा’ही त्यातून सुटला नाही.

पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये सुरू झालं. पी. के. नायर यांनी हयात घालवून ते उभं केलं; फाळके यांच्या ‘कालिया मर्दन’सारखे पट त्यांच्यामुळे आपल्याला बघायला मिळतात. २००३ मध्ये आग लागून जुन्या नायट्रेट फिल्म जळाल्या, २०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, तरी आजही देशातलं हे सगळ्यांत मोठं घर आहे. अडचण अशी की पुस्तकाची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयात द्यावीच लागते, १९५४ चा तसा कायदा आहे. चित्रपटाला तशी सक्ती नाही. राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ‘इंडियन पॅनोरमा’त निवड झाली, तर प्रत पुण्याला जाते. उरलेल्यांचं भवितव्य निर्मात्याच्या हातात. आणि हा निर्माता कोण? दोन चित्रपट काढून बुडालेला, लॅबचं बिल न भरता निघून गेलेला. डिजिटल आल्यावर मुंबईतल्या रासायनिक लॅब एकेक करून बंद पडल्या आणि न सोडवलेले डबे बेवारस झाले. कित्येक चित्रपटांची आज उरलेली एकमेव प्रत म्हणजे कुणाच्या तरी माळ्यावरची व्हीएचएस किंवा तिच्यावरून काढलेली व्हीसीडी. पुरस्काराच्या चाळणीने इतिहास गाळायचा म्हटलं तर खेड्यापाड्यांतल्या पुरुषांनी वीस वर्षं काय पाहिलं याचा पुरावाच राहणार नाही.

आणि तो पुरावा आपल्याला हवा आहे, विशेषतः ज्यांना त्या चित्रपटांची चीड आहे त्यांना. स्त्री-चळवळीतल्या माझ्या मैत्रिणींचा आक्षेप मला सगळ्यांत गंभीर वाटतो. त्या म्हणतात, या चित्रपटांचा माल बलात्काराचा प्रसंग हाच होता. तो स्वच्छ करून पुन्हा चकचकीत डिस्कवर का आणायचा? माल तोच होता, हे खरं आहे. पण काळ आठवा. देसाईगंजच्या पोलीस चौकीत मथुरा या मुलीवर झालेल्या बलात्काराच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडलं, १९७९ मध्ये चार कायदेतज्ज्ञांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं, देशभर मोर्चे निघाले आणि १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. नेमक्या त्याच वर्षांत बलात्काराचा प्रसंग पोस्टरवर छापून तिकिटं विकली जात होती. कायद्याची भाषा एका दिशेने जात होती आणि तंबूतल्या, व्हिडिओ पार्लरमधल्या पुरुषाची नजर दुसरीकडे घडवली जात होती. हे उद्या कुणाला सिद्ध करायचं असेल तर ती फीत लागेल. आरोप करायलाही पुरावा लागतो. म्हणूनच ती कुलपात ठेवून जपा असं मी म्हणतो, आणि चकचकीत डिस्क काढण्याला माझा आंधळा पाठिंबा नाही.

इथे अमेरिकेच्या उदाहरणाने मला सावध केलं. १९७२ चा ‘डीप थ्रोट’ तिथल्या प्रौढ चित्रपटांचा सगळ्यांत गाजलेला नमुना. त्यातली नायिका लिंडा बोरमन हिने १९८० मध्ये आत्मचरित्रात लिहिलं की नवऱ्याने मारहाण करून, धमकावून आपल्याकडून हे काम करून घेतलं. तो चित्रपट बघणारा आपल्यावरचा बलात्कार बघतो आहे, असं ती सरकारी आयोगापुढे म्हणाली. ती २००२ मध्ये गेली. २०२२ मध्ये चित्रपटाला पन्नास वर्षं झाली म्हणून दिग्दर्शकाच्या मुलांनी त्याची नवी, झळझळीत प्रत तयार करून थिएटरांत फिरवली. जतनाचं तंत्र उत्तम होतं. हक्कही कागदोपत्री त्यांचेच असतील. पण जिने हे असं उघड सांगितलं, तिच्या पश्चात उत्सव करणं मला क्रूर वाटतं. ही प्रत संग्रहालयात असायलाच हवी, तिच्या आत्मचरित्राशेजारी. तिकीट लावून तिचा सोहळा व्हायला नको होता.

तिकडेच १९८६ मध्ये एका गाजलेल्या नटीबद्दल उघड झालं की तिचे जवळपास सगळे चित्रपट ती अल्पवयीन असताना बनले होते. त्या कॅसेटी बाजारातून काढून नष्ट केल्या गेल्या. इथे माझ्या ‘सगळं जपा’ला पूर्णविराम आहे. लहान मुलांचं लैंगिक चित्रण बाळगणं हाच गुन्हा आहे, आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये ते निःसंदिग्धपणे सांगितलं, आणि कुठल्याही संग्रहाने इतिहासाच्या नावाखाली त्याला आसरा देऊ नये. तसंच चोरून घेतलेल्या चित्रणाचं. १९९४ च्या जळगाव प्रकरणात मुली-बायकांची चित्रं काढून त्यांच्या जोरावर त्यांचं वर्षानुवर्षं शोषण झालं. त्याला कुणी चित्रपट म्हणू नये. असं काही सापडलं तर ते पोलिसांच्या आणि न्यायालयाच्या ताब्यात जावं, संग्रहात नाही.

उरतो तो मधला मोठा ढीग: प्रौढ माणसांनी मोबदला घेऊन केलेले चित्रपट. त्यातही संमती एकसारखी नसते. पावसातल्या गाण्याला हो म्हणणारी नटी पुढच्या तुकड्याला हो म्हणाली होती का? बहुधा तिला विचारलंच गेलं नव्हतं. डमी वापरून तुकडा काढला आणि तिच्या चेहऱ्याला जोडला. म्हणून अशा चित्रपटाची कुठली प्रत खरी मानायची हा प्रश्न संग्राहकाला चुकवता येत नाही, आणि त्याचं उत्तर शोधायची एक साधी रीत आहे. सेन्सॉरच्या प्रमाणपत्रावर चित्रपटाची लांबी मीटरमध्ये लिहिलेली असते. पस्तीस मिलिमीटरची फिल्म मिनिटाला साधारण २७ मीटर धावते, म्हणजे ३,४०० मीटरचा चित्रपट दोन तास चार मिनिटं चालतो. कॅसेटीवर उतरवताना सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटी जात, त्यामुळे तोच चित्रपट दोन तासांच्या थोडा आतच संपायला हवा. कॅसेट त्यापेक्षा आठ मिनिटं जास्त चालत असेल, तर ती आठ मिनिटं कुणी तरी नंतर घातली आहेत. स्वामित्वहक्काच्या कायद्यातल्या १९८४ च्या दुरुस्तीनंतर व्हिडिओ कॅसेटीवरही प्रमाणपत्राची प्रत दाखवणं कायद्याने बंधनकारक झालं, त्यामुळे हा आकडा कधी कधी कॅसेटीवरच सापडतो. पास झालेला चित्रपट आणि घुसवलेला तुकडा असे वेगळे करून दोन्ही जपावेत, आणि पुन्हा प्रकाशात आणायचा तर फक्त पास झालेला. नटीने ज्यावर सही केली, निदान तेवढंच तिच्या नावावर राहील.

कायदा याच्या आड येतो का? तुकड्यांच्या विक्रीला येतो, आणि यावा. जतनाला मात्र जागा आहे. भारतीय दंड संहितेच्या २९२ व्या कलमात शास्त्र, साहित्य, कला किंवा विद्येच्या हितासाठी असलेल्या गोष्टींना सूट होती. १ जुलै २०२४ पासून न्याय संहिता लागू झाली, तिच्या २९४ व्या कलमातही ती सूट आहे. बंद कपाट, नोंदवही, अभ्यासकाला लेखी परवानगी, प्रत बाहेर न नेण्याची अट, एवढ्या बंदोबस्तात संशोधनासाठी ठेवलेली फीत या सुटीत बसते असं मला वाटतं. पण अजून एकाही सार्वजनिक संस्थेने हे पाऊल उघडपणे टाकलेलं माझ्या पाहण्यात नाही. कायद्याच्या भीतीपेक्षा बदनामीची भीती मोठी आहे.

पुन्हा प्रकाशित करायचं तर पैशाचाही प्रश्न येतो आणि तो मी मागे ढकलणार नाही. २०१२ मध्ये स्वामित्वहक्काच्या कायद्यात दुरुस्ती झाली आणि कलावंताचा आपल्या सादरीकरणावरचा नैतिक हक्क मान्य झाला. त्याचं सादरीकरण विपर्यस्त करून त्याच्या प्रतिष्ठेला धक्का लावला तर तो हरकत घेऊ शकतो. व्हिडिओच्या काळातल्या नटीला करार वगैरे मिळाला नाही, शिफ्टचे रोख पैसे मिळाले. आज तिचा चित्रपट चार भाषांत फोनवर फिरतो आहे, त्यातून भलत्याच माणसाला जाहिरातीचे पैसे मिळताहेत आणि तिला दर महिन्याला नवी बदनामी. कुणी प्रामाणिकपणे पुन्हा प्रकाशनाला हात घालणार असेल तर त्याने मिळकतीतला वाटा तिच्यासाठी बाजूला काढूनच सुरुवात करावी. आणि ती नको म्हणाली तर चित्रपट कपाटात राहील, ती असेपर्यंत. पन्नास वर्षं थांबायला संग्रहाला काही होत नाही.

यात एक कोपरा मराठीचा आहे आणि तो आपणच सांभाळायला हवा. मुंबईचे दिग्दर्शक निदान बोलते झाले. बारामतीच्या, इंदापूरच्या, करमाळ्याच्या व्हिडिओ सेंटरवाल्यांशी कुणी बोललेलं नाही. कॅसेट कुठून यायची, पुण्याच्या की मुंबईच्या दुकानातून, एका कॅसेटीच्या किती प्रती निघायच्या, धाड पडल्यावर काय व्हायचं, पार्लरमध्ये कोण यायचं, कुणाला आत घ्यायचं नाही, बाईने कधी कॅसेट मागितली का. ही माणसं आज साठी-सत्तरीत आहेत. कुणी मोबाइलचं दुकान टाकलं, कुणी ऊस बघतो. जत्रेतल्या तंबूंच्या टॉकीजवर ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी २०१६ मध्ये केला, महाराष्ट्रातल्याच तंबूवाल्यांबरोबर वर्षानुवर्षं फिरून. तसं कुणी तरी इथे रेकॉर्डर घेऊन बसायला हवं. पुण्याचं संग्रहालय इथून शंभरेक किलोमीटरवर आहे. आपल्या महाविद्यालयांत मराठीचे, इतिहासाचे, माध्यमांचे विभाग आहेत. एम.ए.च्या विद्यार्थ्याला हा विषय द्यायला प्राध्यापकाने संकोचू नये.

फिती त्या गप्पांतूनच बाहेर येतील, आणि त्यांच्याबरोबर नटींचा माग लागेल. त्यांच्या नावांचं प्रकरण सगळ्यांत अवघड आहे. पोस्टरवरचं नाव बहुधा खोटं. खरं नाव कुणाला माहीत असेल तर ते सांगण्याचा हक्क त्याचा नाही. म्हणून नोंदीत पोस्टरवरचंच नाव जावं, आणि बाई स्वतः सापडली, बोलायला तयार झाली, तर तिला चित्रपटाबद्दल काही विचारण्याआधी हे विचारावं, की नाव लिहू का, आणि लिहायचं तर कुठलं.